फिफ्टी-फिफ्टीच्या वरची ओळ : समुद्रातल्या तेलाचा करार कसा वाचायचा

आपल्याकडे रात्रीचे साडेनऊ वाजतात तेव्हा दक्षिण अमेरिकेतल्या गयानात दुपारचे बारा वाजलेले असतात. माझी भाची जॉर्जटाउनला एका केटरिंग कंत्राटदाराकडे हिशेब बघते. समुद्रातल्या तेलाच्या जहाजांना जेवण पुरवणारी कंपनी आहे ती. डबा खाता खाता ती मला फोन लावते. मागे एकदा म्हणाली, "मावशी, इथलं सरकार सांगतं नफा अर्धा-अर्धा आहे. पेपरात मात्र रोज येतं की देश लुटला. खरं कोण बोलतंय?"

मी म्हटलं, "दोघंही खरं बोलताहेत. दोघं एकाच पानावरच्या दोन वेगळ्या ओळी वाचताहेत."

मी कॉस्ट अकाउंटंट. सव्वीस वर्षं मुंबईच्या किनाऱ्याबाहेरच्या तेलक्षेत्रांच्या भागीदारीचे हिशेब तपासण्यात गेली. माहेर उरणचं, त्यामुळे समुद्रातून येणारी पाइपलाइन आणि रात्री आकाशात दिसणारी प्लांटची ज्योत लहानपणापासून ओळखीची. परकी कंपनी एखाद्या देशाच्या समुद्रात येते तेव्हा तिचं वर्चस्व झेंड्यात दिसत नाही, जहाजाच्या आकारातही दिसत नाही. ते दिसतं पैसे कोण आधी उचलतो त्या क्रमात. तो क्रम वाचायला वकील लागत नाही. कागद, पेन्सिल आणि दोन निवांत संध्याकाळी लागतात. भाचीला शिकवलं तसंच इथे लिहिते आहे. उदाहरण गयानाचंच घेते, कारण एक्झॉन ही अमेरिकी तेल कंपनी आणि तिचे भागीदार यांच्याशी झालेला त्यांचा करार कुणालाही वाचायला मिळतो. २७ जून २०१६ रोजी सही झालेला हा करार दीड वर्ष लोकांना दाखवलाच नव्हता; २०१७च्या डिसेंबरअखेरीस, बराच आरडाओरडा झाल्यावर तो बाहेर आला. सहीच्या वेळी कंपन्यांनी १ कोटी ८० लाख डॉलर बोनस दिला होता, तेही त्याच महिन्यात कळलं.

शंभर पिंपं कागदावर मांडा

आमच्या आजोबांची पेणकडे खारेपाटात थोडी भातजमीन होती. ते म्हणायचे, जमीन खंडानं लावली तर पीक येवो न येवो, ठरलेलं भात मिळतं. अर्धेलीनं लावली तर खळ्यावर जाऊन उभं राहावं लागतं. कारण अर्धेल कशाची, हा खरा प्रश्न. पूर्ण राशीची, की बियाणं, खत, मजुरी, बैलभाडं पायलीनं मोजून बाजूला काढल्यावर जे उरेल त्याची?

तेलाच्या करारात हे दोन्ही प्रकार एकत्र असतात. रॉयल्टी म्हणजे खंड. प्रॉफिट ऑइल म्हणजे अर्धेल. आणि दोहोंच्या मध्ये बियाण्याचा ढीग असतो, त्याला म्हणतात कॉस्ट ऑइल. एक फरक मात्र मनात पक्का ठेवा. आमच्याकडे कसणारा गरीब आणि जमीनवाला त्याच्यापेक्षा बरा असायचा. इथे उलट आहे. आठ-नऊ लाख वस्तीचा देश जमीनवाला आहे आणि कसायला आलेत जगातले सगळ्यात मोठे तेलवाले.

आता गयानाचे आकडे मांडा. समुद्रातून शंभर पिंपं तेल निघालं. रॉयल्टी २ टक्के. दर महिन्याच्या उत्पादनातून खर्चापोटी जास्तीत जास्त ७५ टक्के कंपन्यांना उचलता येतात. म्हणजे ७५ पिंपं बाजूला. उरलेल्या २५चे दोन सारखे भाग, साडेबारा आणि साडेबारा. रॉयल्टी कंपन्या आपल्या वाट्यातून देतात. देशाच्या हातात आले साडेबारा अधिक दोन, एकूण साडेचौदा.

फिफ्टी-फिफ्टी खोटं नाही. ते २५ पिंपांचं आहे.

कंपन्यांची बाजूही मांडायला हवी, नाहीतर हिशेब अर्धवट राहील. ती ७५ पिंपं नफा नाही. विहीर कोरडी निघाली असती तर सगळं नुकसान त्यांचं होतं. समुद्राच्या ज्या पट्ट्याचा हा करार आहे तो १९९९पासून एक्झॉनच्या ताब्यात होता; शेल त्यात भागीदार होती आणि २०१४मध्ये सोडून गेली. पुढच्याच वर्षी, मे २०१५मध्ये, लिझा नावाच्या पहिल्या विहिरीला तेल लागलं. पाणी किती खोल? १,७०० मीटरच्या वर. आपल्या मुंबई हायला पाणी जेमतेम ७५-८० मीटर आहे. इतक्या खोल पाण्यात उतरण्याचं धाडस ज्यानं केलं त्याला खर्च परत मिळायलाच हवा, यात माझा वाद नाही. माझा प्रश्न पुढचा आहे: खर्च किती झाला हे लिहितो कोण आणि तपासतो कोण?

दुसरा आणि तिसरा कागद

बहुतेक लोक पहिल्या कागदावर थांबतात. तिथे थांबू नका.

दुसऱ्या कागदावर समजा की जुने खर्च फिटले आणि आता शंभर पिंपांमागे फक्त २० पिंपांचा चालू खर्च आहे. मग उरतात ८०, अर्धे ४०, वर रॉयल्टीचे २. देशाला ४२. करार तोच, टक्केवारी तीच, आणि देशाचा वाटा साडेचौदावरून बेचाळीसवर. म्हणून "या देशाला किती टक्के मिळतात?" हा प्रश्नच अपुरा आहे. "या वर्षी किती मिळतात, आणि पुढची पायरी कधी येणार?" असं विचारायचं.

आता तिसरा कागद. पायरी येऊ घातली आहे आणि तेवढ्यात कंपनी दुसरं क्षेत्र विकसित करायला घेते. करारात प्रत्येक क्षेत्राच्या खर्चाभोवती कुंपण घातलेलं असेल तर नव्या क्षेत्राचा खर्च नव्याच तेलातून वळता होईल. याला रिंगफेन्सिंग म्हणतात. गयानाच्या २०१६च्या करारात ते नाही. म्हणजे ज्या विहिरीनं आपलं बियाणं फेडलं तिच्याच भातातून शेजारच्या शेताचं बियाणंही काढायचं. तिथे पाठोपाठ काय झालं बघा: लिझा डेस्टिनी हे उत्पादन-जहाज डिसेंबर २०१९मध्ये सुरू झालं, मग २०२२मध्ये लिझा युनिटी, २०२३मध्ये प्रॉस्पेरिटी, ऑगस्ट २०२५मध्ये वन गयाना. त्यांच्यामागे उआरू आणि व्हिपटेल मंजूर होऊन बसलेत, प्रत्येकी १२.७ अब्ज डॉलरचे. त्यांच्याही मागे हॅमरहेड. उत्पादन वाढतं हे खरंच, देशाकडे पैसाही जास्त येतो. पण दर वेळी ७५ची ओळ पुन्हा भरते आणि बेचाळीसची पायरी पुढे सरकते.

भाचीनं हे तीन कागद काढल्यावर बराच वेळ ती काही बोललीच नाही. मग म्हणाली, "म्हणजे कुंपण ही एकच गोष्ट असती तर…" हो. त्या एका कलमाची किंमत रॉयल्टीच्या दोन-चार टक्क्यांपेक्षा जास्त असू शकते, आणि बातमीत तिचा उल्लेख क्वचित येतो.

गयाना सरकारनं स्वतःच २०२३मध्ये नवीन पट्ट्यांसाठी वेगळा नमुना करार आणला. त्यात रॉयल्टी १० टक्के, खर्चाची मर्यादा ६५, वर १० टक्के कंपनी कर, आणि कुंपणही. जुन्या कराराबद्दल यापेक्षा स्पष्ट मत दुसरं कोणतं असणार? पण तो नवीन नमुना जुन्या पट्ट्याला लागू नाही.

मग शेवटून वाचायला घ्या

करार हातात आला की पहिलं पान उघडायची सवय मोडा. पहिल्या पानावर सगळे सार्वभौम असतात. शेवटी जोडपत्रं असतात. त्यात अकाउंटिंग प्रोसिजर, म्हणजे हिशेब कसा ठेवायचा त्याचे नियम, नावाचं एक असतं. गयानाच्या करारात ते जोडपत्र सी. मी आयुष्यभर दर करार तिथून वाचला.

तिथे काय शोधायचं? मंजुरीशिवाय वळते होणारे खर्च कोणते आणि मंजुरी लागणारे कोणते. मूळ कंपनीच्या मुख्यालयाचा खर्च कोणत्या दरानं लावता येतो, कारण ह्यूस्टनमधल्या कचेरीचं भाडंही थोडं थोडं करून या पिंपांतून जात असतं. कंपनी आपल्याच नात्यातल्या कंपनीकडून माल किंवा माणसं घेते तेव्हा भाव कसा ठरतो. कराराच्या आधीचे खर्च किती मान्य करून टाकलेत. गयानाच्या करारात २०१५अखेरपर्यंतचे सुमारे ४६ कोटी डॉलर आकड्यासकट लिहून ठेवले होते, सही होतानाच. आणि सगळ्यात महत्त्वाचं, हिशेब तपासायची मुदत किती.

ही शेवटची गोष्ट मी कशी शिकले ते सांगते. नाव कुणाचंच घेत नाही.

एका भागीदारीत मी बिनऑपरेटर भागीदाराच्या बाजूनं तपासणीला होते. ऑपरेटर म्हणजे भागीदारांपैकी जो प्रत्यक्ष काम चालवतो तो; बाकीचे बिनऑपरेटर. एका सप्लाय बोटीचं बिल समोर आलं. महिन्याचे ३१ दिवस, रोजचं ठरलेलं भाडं, सगळं आमच्या क्षेत्राच्या खात्यावर. सही होती, शिक्का होता, बोटीच्या भाड्याचा करार जोडलेला होता. बिलात खोट काढायला जागा नव्हती. पण त्याच फाइलमध्ये मागे, टाचणी गंजून कागदाला चिकटलेली, डिझेल भरल्याची एक गुलाबी पावती होती. तारीख त्याच महिन्याच्या १२ची, आणि "कुठे भरलं" या रकान्यात ज्या रिगचं, म्हणजे समुद्रात विहीर खणणाऱ्या सांगाड्याचं, नाव होतं ती रिग आमच्या क्षेत्रात नव्हतीच. ती त्याच ऑपरेटरच्या दुसऱ्या पट्ट्यात उभी होती, जिथे आम्ही भागीदार नव्हतो. मग मी बोटीचं लॉगबुक मागितलं. आठ दिवसांनी झेरॉक्स आली. कप्तानाच्या बारीक, तिरक्या अक्षरात तास-मिनिटांसकट सगळं लिहिलेलं होतं: ११ दिवस बोट तिकडे उभी होती.

अकरा दिवसांचं भाडं साधारण २२ लाख रुपये. मी टिपण लिहिलं, पानांचे क्रमांक घातले, पाठवलं. उत्तर दोन ओळींचं आलं. आक्षेपाच्या गुणवत्तेबद्दल एक अक्षर नव्हतं. फक्त एवढंच, की त्या वर्षाच्या तपासणीची मुदत तीन आठवड्यांपूर्वी संपली आहे.

ते बावीस लाख गेले. मला ते आजही लागतं, कारण मी ती फाइल दिवाळीच्या आधी हातात घेतली होती आणि "सुट्टीनंतर बघू" म्हणून ठेवली होती.

गयानात याच प्रकारचं मोठं प्रकरण झालं. १९९९ ते २०१७ या काळातल्या १.६७ अब्ज डॉलर खर्चाची तपासणी आयएचएस मार्किट या संस्थेनं केली आणि त्यातल्या सुमारे २१.४ कोटी डॉलरवर प्रश्नचिन्ह लावलं. तपासनीस बाहेरून आणावा लागला, अहवाल यायला वेळ लागला, मग त्यावरचा घोळ वर्षानुवर्षं चालला. हे असंच होणार. ज्या देशात काल तेल नव्हतं तिथे तेलाचे हिशेबनीस आज कुठून येणार? परक्या कंपनीच्या वर्चस्वाचा हा सगळ्यात साधा भाग आहे: तिच्याकडे फाइल वाचणारी शंभर माणसं असतात, सरकारकडे चार.

कराची ओळ दोनदा वाचा

"कंपनीला आयकर लागू राहील" असं वाक्य सापडलं की तिथे थांबू नका, त्याच्या खालची दोन-तीन पोटकलमं वाचा. गयानाच्या कलम १५मध्ये असं आहे की कंपन्यांना कर लागतो, पण तो त्यांच्या वतीनं मंत्री भरतो, सरकारच्या तेलाच्या वाट्यातून. वर कंपन्यांना कर भरल्याची पावतीही मिळते. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला वाटलं माझं इंग्रजी कुठेतरी चुकतंय.

त्यानंतर कलम ३२, स्टॅबिलिटी. पुढे कोणताही नवीन कायदा किंवा कर आला आणि त्यानं कंपन्यांचं आर्थिक नुकसान झालं, तर सरकारनं ते भरून द्यायचं. मतपेटीतून सरकार बदललं तरी करार जागचा हलत नाही. तसंच झालं. विरोधात असताना कराराला नावं ठेवणारा पक्ष २०२०मध्ये सत्तेवर आला आणि त्यानं सांगितलं की कराराचं पावित्र्य राखावं लागेल, तो पुन्हा उघडणार नाही.

सह्या कुणाच्या आहेत ते बघा

बातमीत "एक्झॉन" असतं. करारात ते नाव शोधून बघा. सही करणारी असते एसो एक्स्प्लोरेशन अँड प्रॉडक्शन गयाना लिमिटेड, नोंदणी बहामात. दुसरी हेसची उपकंपनी केमन बेटांवर, तिसरी चिनी सीएनओओसीची बार्बाडोसमध्ये. वाटे ४५, ३० आणि २५ टक्के. गयाना देशाचा भागीदार म्हणून वाटा शून्य. त्यांची स्वतःची राष्ट्रीय तेल कंपनी नाही. उद्या समुद्रात तेल सांडलं तर भरपाईला जबाबदार आधी ही उपकंपनी, मग तिची पालक कंपनी किती पुढे येते ते हमीपत्रावर अवलंबून. २०२३मध्ये तिथल्या हायकोर्टानं अमर्याद हमी द्या म्हणून आदेश दिला होता. वरच्या कोर्टानं तो स्थगित करून २ अब्ज डॉलरच्या हमीवर भागवलं. तेव्हा हमीपत्र असेल तर त्यावरचा आकडा वाचायचा, नसेल तर तेही टिपून ठेवायचं.

नावं बदलतात तेव्हा काय होतं हेही बघण्यासारखं आहे. शेव्हरॉन या दुसऱ्या अमेरिकी तेल कंपनीनं हेस विकत घ्यायचं ठरवलं, तेव्हा एक्झॉन आणि सीएनओओसी म्हणाल्या की या ३० टक्क्यांवर पहिला हक्क आमचा. प्रकरण आंतरराष्ट्रीय लवादाकडे गेलं, जुलै २०२५मध्ये निकाल शेव्हरॉनच्या बाजूनं लागला. गयानाच्या समुद्रातल्या तेलाचा जवळजवळ एक तृतीयांश वाटा कुणाकडे जावा हा वाद, आणि ज्या करारावरून तो झाला तो कंपन्यांचा आपसातला. त्यात गयाना पक्षकार नव्हता.

पट्ट्याचा आकारही इथेच लिहून ठेवा. या कराराचा पट्टा, म्हणजे स्टॅब्रोक ब्लॉक, सुमारे २६,८०० चौरस किलोमीटरचा आहे. पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंतचा आपला कोकण विभाग याहून थोडाच मोठा. स्टॅब्रोक हे जॉर्जटाउनचं डचांच्या वेळचं नाव. भाचीच्या घरमालकीणबाईंचे पणजोबा बिहारकडून गिरमिटिया म्हणून उसाच्या मळ्यात आलेले. त्या बाई तिला सांगतात की त्यांच्या लहानपणी देश ब्रिटिशांचा होता आणि लोक त्याला ब्रिटिश गयाना न म्हणता बुकर्स गयाना म्हणायचे, कारण साखर, दुकानं, जहाजं सगळं एकाच बुकर कंपनीचं. १९७६मध्ये सरकारनं ती साखर ताब्यात घेतली. बॉक्साइट त्याआधीच, १९७१मध्ये. पुढे दोन्ही धंदे खंगले. म्हणून "सगळं राष्ट्रीयीकरण करून टाका" म्हटलं की तिथली जुनी माणसं गप्प होतात. त्यांनी दोन्ही टोकं पाहिली आहेत.

ऑपरेटर कोण, हे मालक कोण याइतकंच मोठं

विहीर कुठे खणायची, कोणती रिग कोणत्या भावानं घ्यायची, वर्षाचं बजेट काय, हे ऑपरेटर ठरवतो. बाकीचे भागीदार आणि सरकार मान डोलावतात किंवा प्रश्न विचारतात. गयानात आज चालू असलेली चारही उत्पादन-जहाजं एसबीएम ऑफशोअर या डच कंपनीनं बांधलेली. समुद्रतळाची कामं इटालियन आणि फ्रेंच-अमेरिकी कंपन्यांकडे. ही कंत्राटं ऑपरेटरच्या टेबलावरून सुटतात आणि त्यांची बिलं ७५च्या ओळीत जाऊन बसतात.

या बाबतीत मला नॉर्वेचं फार कौतुक आहे. त्यांच्या समुद्रातलं पहिलं मोठं क्षेत्र एकोफिस्क, ते १९६९मध्ये फिलिप्स या अमेरिकी तेल कंपनीनंच शोधलं. नॉर्वेकडे तेव्हा तेलाचं काहीच ज्ञान नव्हतं. त्यांनी १९७२मध्ये स्टॅटऑइल ही स्वतःची सरकारी तेल कंपनी काढली, परक्यांना राहू दिलं आणि त्यांच्याकडून शिकायचं ठरवून शिकले. स्टॅटफ्योर्ड क्षेत्र मोबिलच्या हाताखाली सुरू झालं आणि १ जानेवारी १९८७ रोजी ऑपरेटरची खुर्ची स्टॅटऑइलकडे आली. करारात अशी तारीख आहे का, किंवा असा रस्ता तरी आहे का, हे शोधा. असेल तर परक्यांचं वर्चस्व हा एक टप्पा ठरतो. नसेल तर तो मुक्काम आहे.

आपल्याकडचं उदाहरण आमच्या दाराशीच आहे. मुंबई हायचा शोध १९७४चा, त्याआधीचं समुद्र-सर्वेक्षण सोविएत जहाजानं केलेलं, सागर सम्राट ही रिग जपानात बांधलेली. हात परके होते, पण तेल ओएनजीसीचं होतं आणि २१ मे १९७६ला उत्पादन सुरू झालं तेही तिच्याच नावावर. पुढे डिसेंबर १९९४मध्ये पन्ना-मुक्ताचा करार झाला तेव्हा ओएनजीसी ४०, रिलायन्स ३० आणि अमेरिकेची एन्रॉन ३० टक्के अशी वाटणी झाली. एन्रॉन बुडाल्यावर तो वाटा ब्रिटिश गॅसकडे गेला. पंचवीस वर्षांनी, डिसेंबर २०१९मध्ये, मुदत संपली आणि क्षेत्र ओएनजीसीकडे परत आलं. संपायची तारीख असलेला करार असा कामाला येतो. २०१६पासून नव्या पट्ट्यांसाठी आपण खर्चवळतीची पद्धतच सोडली आणि एकूण विक्रीतून वाटा घ्यायला लागलो. माझ्यासारखीचं कामच त्यानं कमी झालं, आणि मला ते आवडलं.

२०२५मध्ये बातमी आली की मुंबई हायसाठी ब्रिटिश बीपीला नेमलं. आमच्या कॉलनीतल्या ग्रुपवर लगेच "मुंबई हाय विकलं" सुरू झालं. मी दोघांना फोन करून समजावलं की ही तांत्रिक सेवेची नेमणूक आहे, दहा वर्षांची. तेलाची मालकी ओएनजीसीचीच, आणि बीपीला मोबदला वाढीव उत्पादनाशी बांधलेला. इथे नजर ठेवायची जागा वेगळी आहे: "वाढीव" मोजायचं कुठल्या पायापासून? आधीचं उत्पादन किती धरलं आहे, तो आकडा शोधा.

आणि आपण नेहमीच जमीनवाले नसतो हेही ध्यानात ठेवा. ओएनजीसी विदेशचा ब्राझीलच्या समुद्रातल्या बीसी-१० पट्ट्यात २७ टक्के वाटा आहे. तिथल्या बाईनं हे सगळं वाचायला घेतलं तर परकी कंपनी म्हणजे आपण.

नोकऱ्यांचं कलम

हे थोडक्यात, कारण भाचीनं ते स्वतःच शोधून मला सांगितलं. गयानानं २०२१च्या डिसेंबरअखेर स्थानिक सहभागाचा कायदा केला. ४० प्रकारच्या सेवांची यादी, प्रत्येकीत स्थानिकांना किमान किती काम द्यायचं ते ठरलेलं. गयानीज कंपनी म्हणजे ५१ टक्के मालकी नागरिकांची, वरच्या पदांवर ७५ टक्के आणि खालच्या जागांवर ९० टक्के गयानीज. चांगला कायदा आहे. माझी भाची उरलेल्या दहात बसते, तिच्या हाताखाली दोन स्थानिक मुली आहेत, दोघींना ती बँक मेळवणी शिकवते.

मी तिला एवढंच सांगितलं की यादी वाचताना दोन रकाने कर. एकात जेवण, धुलाई, सुरक्षा, जागेचं भाडं, वाहतूक. दुसऱ्यात विहीर खणणं, समुद्रतळाच्या पाइपलाइन, जहाजबांधणी. मोठा पैसा दुसऱ्या रकान्यात जातो. आणि ५१ टक्केवाला नागरिक नुसता नावाला आहे की चेकवर सही त्याचीच असते, हे बँकेच्या कागदावरून कळतं, कंपनीच्या नोंदणीवरून कळत नाही.

आता वही करा

एक आखीव वही घ्या. वर देशाचं आणि पट्ट्याचं नाव. डावीकडे कलम, उजवीकडे आकडा आणि पान क्रमांक. दर तीन महिन्यांनी एक ओळ: उत्पादन किती, सरकारच्या खात्यात किती आलं. गयानाचा तेलाचा पैसा नैसर्गिक संपत्ती निधीत जातो, न्यूयॉर्कच्या फेडरल रिझर्व्ह बँकेतल्या खात्यात, आणि आलेल्या रकमा सरकार जाहीर करतं. उत्पादनाला भावानं गुणा, आलेल्या पैशाला त्या गुणाकारानं भागा आणि शंभरानं गुणा. साडेचौदाच्या आसपास घुटमळतंय की वर सरकतंय, ते तुमचं तुम्हाला दिसेल.

वहीच्या शेवटच्या पानावर मुदती लिहा. गयानाच्या करारात ज्या वर्षाचा खर्च, त्या वर्षाअखेरपासून दोन वर्षांत तपासणी व्हावी लागते. २०२४च्या खर्चाची मुदत ३१ डिसेंबर २०२६. मी आमच्या स्वयंपाकघरातल्या कालनिर्णयवर त्या चौकोनात "गयाना २०२४" असं लाल पेननं लिहून ठेवलंय, आणि दिवाळीच्या आठवड्यावर तीच खूण पुन्हा केली आहे.